छेदातलं शून्य

शाळेच्या भिंतीला लागून पत्र्याचे सुटे भाग बनवणारा एक कारखाना होता. तिथल्या प्रेसचा ठोका पडला, की आमच्या वर्गातल्या फळ्याखालच्या पट्टीवर साचलेली खडूची भुकटी थरथरायची, जराशी वर उडायची आणि पुढच्या ठोक्याची वाट पाहत पुन्हा खाली बसायची. हिवाळ्याच्या सकाळी तिरपं ऊन आत आलं म्हणजे ती भुकटी सोन्याची वाटे. सातपूरच्या त्या शाळेत मी जन्मभर गणित शिकवलं, आणि निवृत्तीनंतर कुणी जुनी आठवण विचारली की हीच सांगत आलो. ऐकणारे खूश होतात. सोनेरी भुकटी, ठोक्याच्या तालावर सूत्रं म्हणणारी मुलं, त्यांच्यापुढे उभा असलेला मास्तर! मी दर वेळी तिथेच थांबतो, हे मात्र कुणाच्या ध्यानात येत नाही. त्याच फळ्यापुढे घडलेली दुसरी एक गोष्ट मी वर्षानुवर्षं टाळली. बायकोजवळ टाळली, मुलाजवळ टाळली, आणि जिला सांगायला हवी होती तिच्या ओसरीवर बसून, तिच्या घरचा चहा पीत, टाळली. आता आणखी टाळली तर ती माझ्याबरोबरच जाईल, आणि माझी चूक एका बाईंच्या नावावर कायमची राहील.

गोष्ट एका बेरजेची आहे. घाबरू नका, गणित फार अवघड नाही. अर्धी भाकरी आणि पाव भाकरी एकत्र मोजायची, तर आधी दोन्हींचे तुकडे सारख्या मापाचे करावे लागतात. छेद सारखे झाले की अंशांची बेरीज करायची. छेदात साध्या आकड्याऐवजी ‘एक्स अधिक तीन’ किंवा ‘एक्सवर्ग उणे नऊ’ अशी राशी येऊन बसली, तरी रीत तीच. त्या राशींचे अवयव पाडायचे, कुणाकडे काय आहे आणि काय नाही ते पाहायचं, आणि ज्याच्याकडे जे नाही ते त्याच्या अंशातही आणि छेदातही गुणून द्यायचं. किंमत बदलत नाही, रूप तेवढं बदलतं. दोन अनोळखी माणसांनी एका बाकावर बसण्यासाठी आपापलं सामान थोडं सरकवून घ्यावं, तसा हा व्यवहार मला नेहमी सभ्य वाटत आला. मग शेवटी एक गंमत होते. वर अंशात आणि खाली छेदात एकच राशी सापडते आणि दोन्हींवर काट बसते. मुलांना हा क्षण फार प्रिय. ‘उडाला, सर, उडाला!’ असं ओरडताना त्यांचे डोळे असे चमकायचे, जणू पतंग काटला आहे. अर्धं पान व्यापून बसलेलं गणित एका इवल्याशा उत्तरात मावलेलं पाहून कुणाला आनंद होणार नाही? मलाही व्हायचा. त्या आनंदात एक गोष्ट विसरायला होते. जी राशी आपण उडवली, ती शून्य असेल तर तिला उडवण्याचा अधिकारच आपल्याला नव्हता. शून्याने भागता येत नाही. गणितातल्या मोजक्या पक्क्या मनाईंपैकी ही एक.

ही मनाई आमच्या शाळेत सर्वांत मनापासून शिकवणाऱ्या होत्या अहिरे मॅडम. सुनीता अहिरे, मूळच्या सटाण्याकडच्या. नुकत्याच नोकरीला लागलेल्या, अजून कायम न झालेल्या. सातपूरमध्ये भावाच्या बिऱ्हाडी राहायच्या. भाऊ प्रेसवर कामाला होता आणि त्याच्या उजव्या हाताची दोन बोटं मशीनने नेलेली होती. नववी ‘अ’ माझ्याकडे, नववी ‘ब’ त्यांच्याकडे. एरवी शुद्ध बोलायच्या. पण वैतागल्या की तोंडून गावाकडची अहिराणी निसटायची. ‘हाई काय शे!’ म्हणून त्यांनी डस्टर आपटलं की अख्खी ‘ब’ तुकडी तोंडाला हात लावून हसायची, आणि मग त्याही हसायच्या.

त्यांची एक रीत होती. छेदात एक्स असलेलं कुठलंही गणित सुरू करण्याआधी त्या फळ्याच्या उजव्या कोपऱ्यात एक चौकोन आखायच्या, आणि एक्सची कोणती किंमत या गणितात चालणार नाही ते त्यात लिहून ठेवायच्या. मगच पहिली पायरी. मुलं त्याला मनाईचा चौकोन म्हणायची. मला त्याची गंमत वाटे, आणि आज कबूल करायला हरकत नाही, थोडा रागही येई. एकदा शिक्षकखोलीत सगळ्यांसमोर मी म्हणालो, “काय हो मॅडम, पोरं बेरीज शिकायला येतात आणि तुम्ही आधी ‘प्रवेश बंद’चे बोर्ड लावत सुटता! एमआयडीसीचं वारं लागलं वाटतं?”

सगळे हसले. मॅडम डब्यातली पोळी मोडत होत्या. त्या म्हणाल्या, “लागणारच ना, सर. मशीनवर हात कुठं घालायचा नाही हे आधी सांगतात, मग मशीन चालवायला शिकवतात. आमच्या दादाला उलटं शिकवलं होतं.”

हसू थांबलं. त्यांनी मात्र टोमणा मारल्यासारखं केलं नाही. लोणच्याची फोड माझ्या डब्याच्या झाकणात ठेवली आणि म्हणाल्या, “घ्या, कैरी घरची आहे.” ती फोड मी खाल्ली. त्यांचं म्हणणं मात्र गिळलं नाही. मी विषयप्रमुख होतो. नवख्या बाईकडून मला उत्तर मिळालं होतं, तेही बरोबर, आणि चारचौघांत.

त्या वर्षीची दुसरी घटक चाचणी मटारच्या दिवसांत होती. आमच्याकडे पद्धत अशी, की पेपर विषयप्रमुखाने काढायचा, आदर्श उत्तरंही त्यानेच लिहून द्यायची, आणि दोन्ही तुकड्यांच्या शिक्षकांनी त्या उत्तरांबरहुकूम आपापल्या मुलांचे पेपर तपासायचे. मी एक बेरीज घातली. एक छेद एक्स अधिक तीन, त्यात मिळवा सहा छेद एक्सवर्ग उणे नऊ. बेरीज करून सोपं रूप द्या, आणि एक्सची किंमत उणे तीन असताना त्या बेरजेची किंमत काढा. पहिला भाग पाहा. एक्सवर्ग उणे नऊचे अवयव एक्स अधिक तीन आणि एक्स उणे तीन. छेद समान केले की अंशात येतं एक्स उणे तीन अधिक सहा, म्हणजे एक्स अधिक तीन. वरचा आणि खालचा एक्स अधिक तीन उडतो आणि उरतं एक छेद एक्स उणे तीन. सुबक! मग उणे तीनच का निवडलं? कारण उणे तीनमधून तीन वजा करताना मुलं हमखास शून्य लिहितात, उणे सहा लिहीत नाहीत. मला त्यांना तिथे पकडायचं होतं. उत्तर लिहून दिलं, उणे एक षष्ठांश. दुसऱ्यासाठी सापळा लावताना माणूस किती एकाग्र होतो! माझं सगळं लक्ष मुलांच्या वजाबाकीवर. मूळ बेरजेत उणे तीन घातलं तर दोन्ही छेद शून्य होतात, बेरीजच अस्तित्वात राहत नाही, हे मी पाहिलंच नाही.

अहिरे मॅडमनी पाहिलं. चाचणीच्या दिवशी माझं तोंड आलं होतं म्हणून मी रजेवर होतो. पेपर तपासायला घेतल्यावर त्यांना चूक दिसली आणि त्यांनी जे योग्य तेच केलं. ज्या मुलांनी ‘किंमत काढता येत नाही’ असं लिहिलं त्यांना गुण दिले, ज्यांनी उणे एक षष्ठांश लिहिलं त्यांना दिले नाहीत. मी कामावर आलो त्या दिवशी त्या मला सांगायला आल्याही होत्या. “सर, त्या बेरजेचं जरा बोलायचं होतं,” असं दारातून म्हणाल्या. मी हातानेच ‘नंतर’ अशी खूण केली. पुढे ते नंतर आलंच नाही.

आले ते उगले. त्यांची जुळी मुलं आमच्याकडे होती, पवन ‘अ’मध्ये आणि पूनम ‘ब’मध्ये. दोघांनी एकाच टेबलावर बसून अभ्यास केलेला, दोघांनी एकच उत्तर लिहिलेलं. पवनला पूर्ण गुण, पूनमला शून्य. उगले कंपनीत सुपरवायझर. पहिली पाळी संपवून तसेच निळ्या शर्टावर मुख्याध्यापकांच्या खोलीत येऊन उभे राहिले. मुख्याध्यापक हिंदीचे, माणूस वाईट नव्हता, पण गणिताला भिणारा आणि पालकांना त्याहून जास्त. त्यांनी आम्हा दोघांना बोलावून घेतलं.

“मला एवढंच सांगा,” उगले म्हणाले, “दोन मशीनवर एकच पार्ट निघाला. एक मशीनवाला म्हणतो ओके, दुसरा म्हणतो रिजेक्ट. मग पार्ट खराब आहे का मशीनवाला?”

मुख्याध्यापक माझ्याकडे पाहून म्हणाले, “सर, उत्तर काय आहे? एका शब्दात सांगा.”

“उणे एक षष्ठांश,” मी म्हणालो.

“सर, मूळ बेरजेत उणे तीन घालून बघा ना,” अहिरे मॅडम पुढे झाल्या. “काट मारायच्या आधी. खाली शून्य येतं.”

त्या वेळी मी घालून पाहायला हवं होतं. टेबलावर कागद होता, पेन होतं, आणि असं गणित मी तोंडीही करू शकत होतो. पण खोलीत तीन माणसं माझ्याकडे पाहत होती. मी म्हणालो, “मॅडम, आधी सोपं रूप, मग किंमत. हीच रीत आहे. नववीच्या पोरांना इतक्या खोलात नेऊन गोंधळवू नये.”

“खोलात नाही सर, पहिल्याच पायरीवर आहे.”

“म्हणजे सरांना येत नाही असं म्हणताय का तुम्ही?” मुख्याध्यापक म्हणाले. मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता. वाट पाहणं होतं. मी समोरच्या भिंतीवरचं वेळापत्रक वाचू लागलो. निकाल लागला. ‘ब’ तुकडीचे गुण सुधारायचे, आणि मॅडमनी दुसऱ्या दिवशी वर्गात आपली चूक झाल्याचं सांगायचं. उगले जाताना मॅडमना म्हणाले, “राग मानू नका ताई, पोरगी दोन दिवस जेवली नाही नीट.” मॅडम म्हणाल्या, “तिचं चुकलेलं नाही, दादा. प्रश्नच तसा होता.”

संध्याकाळी घरी आलो. बायको दारात मटार सोलत बसली होती. मीही एक मूठ शेंगा घेऊन बसलो. मन उगाच तापलेलं होतं. मॅडमचं वाक्य डोक्यात पुन्हा पुन्हा येत होतं, ते खोडून काढावं म्हणून मी मनातल्या मनात उणे तीन घातलं. पहिला छेद, उणे तीन अधिक तीन. शून्य. दुसरा छेद, नऊ उणे नऊ. शून्य. मी पुन्हा घातलं. आकडे काही माझ्या नोकरीला घाबरणारे नव्हते. तेवढ्यात बायको ओरडली, “अहो, लक्ष कुठाय तुमचं? दाणे टरफलांत टाकताय आणि टरफलं पातेल्यात!” मी पातेल्यातली टरफलं वेचली. “काय झालं शाळेत?” तिने विचारलं. “काही नाही,” मी म्हणालो. सगळं त्या दोन शब्दांतच झालं होतं. चूक करणं आणि चूक कळूनही गप्प राहणं, यांतलं अंतर मी त्या उंबऱ्यावर बसून, मटारच्या टरफलांचा ढीग पायाशी असताना, ओलांडलं. अजून काही बिघडलं नव्हतं. रात्रभरात माझी नोकरी जाणार नव्हती, पगार कापला जाणार नव्हता. फार तर शिक्षकखोलीत दोन दिवस हसले असते. एवढ्या लहानशा हसण्याला मी भ्यालो!

सकाळी निघताना ठरवलं होतं, की आधी मुख्याध्यापकांना गाठायचं. शाळेत पोचलो तर प्रार्थना चालू. प्रार्थनेनंतर तास. तास सुटल्यावर सांगू म्हणून मी ‘अ’मध्ये शिरलो. दोन्ही वर्गांमधली भिंत अर्धीच होती, वर लाकडी फळ्या. पलीकडून मॅडमचा आवाज आला. नेहमीपेक्षा हळू, पण स्पष्ट.

“मुलांनो, मागच्या चाचणीत मी जे गुण कापले ते चुकीचे होते. माझ्याकडून चूक झाली. सरांनी दिलेलं उत्तर बरोबर आहे.”

मग बाक सरकल्याचा आवाज. पूनम उगले उभी राहिली असणार, कारण आवाज तिचा होता. “मॅडम, मग शून्याने भागलं तर चालतं का?”

प्रेसचा ठोका पडला. पुन्हा पडला. माझ्या हातात खडू होता आणि माझ्या वर्गातली मुलं मान वर करून माझ्याकडे पाहत होती. मी फळ्याकडे वळलो आणि काहीतरी लिहू लागलो. काय लिहिलं ते आठवत नाही. शेवटी मॅडम म्हणाल्या, “बस खाली, पूनम. परीक्षेत सर सांगतात तसं लिही.” ज्या बाईंनी मुलांना शून्यापासून जपायला शिकवलं, त्यांना त्यांच्याच वर्गात, त्यांच्याच तोंडाने, मुलांना शून्यात ढकलायला लावलं. आणि ते वाक्य पूर्ण होईपर्यंत मी पाठ करून उभा होतो. त्या दिवसानंतर ‘ब’च्या फळ्यावर चौकोन दिसला नाही. तास सुटल्यावर मी मुख्याध्यापकांकडे गेलो नाही. आता तर सांगून झालंच आहे, असं मी स्वतःला समजावलं. उशीर झाला, हे गप्प बसणाऱ्याचं सर्वांत आवडतं कारण असतं.

मार्चअखेर त्यांना कायम करायचं की नाही हा प्रश्न आला. विषयप्रमुख म्हणून मुख्याध्यापकांनी माझं मत विचारलं. मी काय म्हणालो, ते शब्द न शब्द सांगतो, कारण इतकी वर्षं मी ते मऊ करून आठवत आलो आहे. मी म्हणालो, “ज्ञान आहे त्यांना, पण मुलांच्या पातळीवर येता येत नाही.” खोटं बोलताना आधी थोडं खरं ठेवलं की ते किती सभ्य दिसतं! त्या गेल्या तर माझी चूक ओळखणारं शाळेत कुणी उरणार नव्हतं. हे मी तेव्हा मनातसुद्धा उच्चारलं नव्हतं. आज उच्चारतो. मे महिन्यात त्यांना कळवण्यात आलं, की पुढल्या वर्षी यायचं नाही. शेवटच्या दिवशी त्या सगळ्यांना भेटून गेल्या. माझ्यापुढे वाकून नमस्कार केला. मी “यशस्वी व्हा” म्हणालो. होय, हेच म्हणालो.

त्यानंतर ही बेरीज शिकवताना मी दर वर्षी मनाईची अट सांगितली. सांगताना मुलांना वाटे, सर किती काटेकोर! काही मुलं इंजिनिअर झाली, भेटली की म्हणायची, ‘सर, तुम्ही छेद शून्य होतो का ते बघायला शिकवलंत.’ मी मान हलवायचो. ज्याचं श्रेय त्याला न देता ते रोज थोडं थोडं वापरत राहणं, ही चोरी कुठल्या प्रकारात बसते? गणितात एक बरं असतं, अवयव उडाला तरी उत्तराच्या शेजारी एक ओळ लिहून ठेवता येते, की अमुक किंमत सोडून. माझ्या सगळ्या नीटनेटक्या आयुष्याशेजारी ती ओळ लिहायची राहून गेली होती.

निवृत्तीनंतर काही वर्षांनी आम्ही चार म्हातारे सप्तशृंगीच्या दर्शनाला गेलो होतो. परतताना गाडी वणीत थांबली, द्राक्षं घ्यायला. हातगाडीवाल्याशी भाव करत असताना मागून हाक आली, “सर! सर ना?” केस पांढरे झालेले, चष्मा जाड, पण आवाज तोच. लग्न होऊन त्या वणीलाच आल्या होत्या. त्यांनी ऐकलंच नाही, मला घरी नेलं. बाकीच्यांना म्हणाल्या, “काका, तुम्ही द्राक्षं निवडा, आमच्या सरांना जरा पळवते.”

ओसरीवर लहान मुलांची शिकवणी सुटत होती. चपलांचा गोंधळ, पाट्यांवर अपूर्णांक. मी विचारलं, “कितवीपर्यंत घेता?”

“सातवीपर्यंत. त्याच्या पुढं नाही घेत.”

“का? तुम्हाला तर...”

“नको वाटतं, सर. एक्स आला की हात थांबतो.” त्या हसल्या. “बघा ना, काय येडी बाई! एवढ्याशा गोष्टीला धरून बसले.”

चहा आला. बशीत शेव होती. त्यांनी शाळेची चौकशी केली, बायकोची केली, पूनम काय करते ते विचारलं. मी उत्तरं देत होतो आणि प्रत्येक उत्तरानंतर ठरवत होतो, आता. आता सांगायचं. कप खाली ठेवला की सांगायचं. मी कप खाली ठेवला, घसा साफ केला आणि म्हणालो, “मॅडम, ती चाचणीतली बेरीज...”

“सोडा हो, सर!” त्यांनी मला मधेच तोडलं. माझ्या तोंडावरचं काहीतरी त्यांना दिसलं असावं आणि मला त्रास होऊ नये म्हणूनच तोडलं. “मी त्याचा कधीच राग धरला नाही. सांगू का? मुख्याध्यापकांना तर काही कळत नव्हतं. आणि तुमच्या लक्षात आलं नसणार. गडबडीत होतं माणसाचं. लक्षात आलं असतं तर तुम्ही गप्प बसला नसता, एवढं मला माहीत आहे ना. आमचे सर तसे नव्हते.”

मी काय करायला हवं होतं, ते तुम्हाला सांगायची गरज नाही. त्यांनी माफी दिली होती, पण ती मी न केलेल्या गुन्ह्याची. केलेला गुन्हा त्यांना ठाऊकच नव्हता. तो सांगितला असता, तर त्यांनी इतकी वर्षं जपलेला एक माणूस त्यांच्याच ओसरीवर मोडला असता. मी तेव्हा स्वतःला असं पटवलं, की हे त्यांच्यासाठी बरं. धडधडीत खोटं! मला त्यांच्या नजरेतला तो ‘सर’ आणखी थोडा वेळ हवा होता. “चहा छान झालाय,” मी म्हणालो. निघताना त्यांनी द्राक्षांची पिशवी हातात दिली. गाडीत मित्रांनी त्यातली निम्मी संपवली. मला एकही मणी खाववला नाही.

पुन्हा जाऊन सांगायचं, हे त्याच दिवशी दिंडोरीच्या आसपास ठरवलं होतं. नाशिकहून वणी काही परदेश नव्हे. पण नवरात्रात गर्दी असते. थंडीत माझा दमा उठतो. चैत्रात यात्रा, रस्ते भरलेले. पावसाळ्यात मुलगा जाऊ देत नाही. ऋतूंचं चक्र माझ्या भित्रेपणाला प्रत्येक फेरीत एक नवं कारण आणून देत राहिलं. फोन होता, त्यांचा नंबर होता. फोनवर असल्या गोष्टी बोलू नयेत, असंही मीच ठरवलं.

गेल्या पावसाळ्यात जुन्या मुलांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर पूनमचा संदेश आला. आपल्या अहिरे मॅडम गेल्या. साधा ताप म्हणून अंगावर काढला, डेंग्यू निघाला. खाली फोटो होता, ओसरीवरचाच असावा. मुलांनी लिहायला सुरुवात केली. कुणी लिहिलं, ‘खूप प्रेमळ होत्या.’ कुणी लिहिलं, ‘गणितात थोड्या गडबडायच्या, पण मनाने सोनं.’ एकाने तर ती चाचणी काढली, ‘आठवतंय का, मॅडमनी सगळ्यांचे गुण कापले होते आणि मग सॉरी म्हणाल्या होत्या,’ आणि पुढे हसणारा चेहरा. मी तो संदेश वाचला. उत्तर लिहायला बोट उचललं. आणि सगळ्यांनी लिहिलं तेच लिहिलं, ‘भावपूर्ण श्रद्धांजली’, आणि दोन जोडलेले हात. मरणानंतरही त्यांच्याविषयी एक खोटं हसण्यावारी गेलं, आणि मी त्याखाली हात जोडून उभा राहिलो.

म्हणून हे लिहिलं. आधी ‘ब’ तुकडीसाठी. मुलांनो, आता तुम्ही स्वतः आईबाप झालात. त्या चाचणीत चूक मॅडमची नव्हती. एक्स उणे तीन असताना त्या बेरजेला किंमत नाही. ज्यांनी तसं लिहिलं त्यांचं उत्तर बरोबर होतं. प्रश्न मी काढला, उत्तर मी चुकवलं. पूनम, तू उभी राहून जे विचारलंस त्याचं उत्तर, नाही, शून्याने भागलेलं चालत नाही. हे उत्तर तुझ्या बाईंना येत होतं. भिंतीच्या अलीकडे मी उभा होतो, म्हणून त्या देऊ शकल्या नाहीत. हे वाचून झालं की ग्रुपवर टाक. त्यावर तुम्ही मला काय म्हणाल ते ऐकायची माझी तयारी आहे. तुम्हाला तो हक्क आहे.

उरलं ते फक्त एका व्यक्तीसाठी, आणि ते पोचवायला आता वणीचा रस्ता उपयोगाचा नाही. मॅडम, तुम्ही म्हणालात, लक्षात आलं नसणार. आलं होतं. त्याच संध्याकाळी, तुम्ही वर्गासमोर उभं राहायच्या आधी. तुमचं बरोबर होतं हे मला माहीत होतं, आणि मी तुम्हाला चूक ठरू दिलं. मला माफ करा.